कंपनांवर चालणारं कालयंत्र

डीसी कॉमिक्सच्या ‘द फ्लॅश’ या चित्रकथामालिकेचा १२५ वा अंक डिसेंबर १९६१ या तारखेने अमेरिकेत प्रसिद्ध झाला. कथा जॉन ब्रूम यांची, चित्रं कार्माइन इन्फँटिनो यांची. या अंकात एक यंत्र पहिल्यांदा अवतरलं. दिसायला ते व्यायामशाळेतल्या ट्रेडमिलसारखं होतं: फिरणारा पट्टा आणि त्यावर जागच्या जागी धावणारा माणूस. त्याचं नाव ‘कॉस्मिक ट्रेडमिल’. हा माणूस पुरेशा वेगाने धावू लागला आणि त्याच्या शरीराचा कण न् कण ठरावीक गतीने कंप पावू लागला, की तो त्या खोलीतून नाहीसा व्हायचा आणि दुसऱ्याच काळात प्रकट व्हायचा.

धावणारा होता बॅरी ॲलन, पोलीस खात्याच्या प्रयोगशाळेत काम करणारा शास्त्रज्ञ. वीज पडून रसायनांची कपाटं फुटतात, ती रसायनं त्याच्या अंगावर सांडतात आणि त्याला अचाट वेग मिळतो, ही त्याची जन्मकथा १९५६ साली ‘शोकेस’ या मासिकाच्या चौथ्या अंकात आली होती. पाच वर्षांनी लेखकांनी त्याच्या वेगाला यंत्राची जोड दिली. पहिल्याच कथेत फ्लॅश भविष्यात जातो आणि त्याचा तरुण साथीदार किड फ्लॅश भूतकाळात.

एच. जी. वेल्स यांच्या १८९५ सालच्या ‘द टाइम मशीन’मधल्या प्रवाशाला बसायला खोगीर आहे आणि ओढायला दांडे आहेत, पण ते यंत्र नेमकं कशाच्या जोरावर चालतं, हे वेल्स सांगत नाहीत. ट्रेडमिलच्या लेखकांनी ते सांगितलं: कंपनांच्या जोरावर. किती दूरच्या काळात जायचं हे वेग ठरवतो. त्या काळात टिकून राहायचं, तर प्रवाशाने आपलं कंपन टिकवून धरायचं. ते सैल सोडलं की तो आपोआप मूळच्या काळात परततो. नियम कल्पित आहेत, पण ते नियम आहेत आणि म्हणूनच त्यांची परीक्षा घेता येते. या प्रकरणात आपण तेच करणार आहोत. कंपनाने खरोखर काळ बदलतो का? अवकाश वाकतं का? आणि वाकत असेल, तर किती?

एकाच जागी दोन पृथ्वी

ट्रेडमिल येण्याच्या थोडं आधी, सप्टेंबर १९६१ च्या १२३ व्या अंकात, गार्डनर फॉक्स यांनी याच कल्पनेचा पाया घातला होता. त्या कथेत बॅरी मुलांसमोर दोराचा खेळ करून दाखवताना इतका वेगाने कंप पावतो, की तो भलत्याच शहरात जाऊन पोहोचतो. तिथे त्याला जे गॅरिक भेटतो. जे गॅरिक हा १९४० च्या दशकातल्या चित्रकथांमधला पहिला फ्लॅश. बॅरीच्या जगात तो निव्वळ छापील पात्र, या जगात मात्र हाडामांसाचा माणूस. बॅरीचं स्पष्टीकरण असं, की दोन पृथ्वी एकाच जागी, एकाच वेळी असू शकतात, फक्त त्यांची कंपनं वेगळी असावी लागतात. त्याचं कंपन चुकून दुसऱ्या पृथ्वीच्या कंपनाशी जुळलं आणि तो पलीकडे गेला.

ही कल्पना रेडिओच्या जमान्यातली आहे. घरातल्या एकाच खोलीतून आकाशवाणीच्या अनेक केंद्रांच्या लहरी एकाच वेळी जात असतात. त्या एकमेकींना ढकलत नाहीत. आपण वारंवारता जुळवतो तेवढं एक केंद्र ऐकू येतं आणि बाकीची तिथे असूनही नसल्यासारखी होतात. फॉक्स यांनी हाच गुणधर्म अख्ख्या जगाला लावून पाहिला.

लहरींना लागू पडणारं हे तत्त्व वस्तूंना तसंच्या तसं लागू पडत नाही. वस्तू इलेक्ट्रॉन, प्रोटॉन आणि न्यूट्रॉन यांची बनलेली असते आणि हे कण वोल्फगांग पाउली यांनी १९२५ साली मांडलेला नियम पाळतात: असे दोन सारखे कण एकाच अवस्थेत राहू शकत नाहीत. आपण जमिनीतून आरपार खाली जात नाही, हात भिंतीतून जात नाही, त्यामागे विद्युत बलांच्या जोडीने हाच नियम आहे. कंपन वाढवलं तर वस्तू तापेल, वितळेल, तिची वाफ होईल. पण भिंत तिला वाट करून देणार नाही. न्यूट्रिनो नावाचे कण पृथ्वीच्या आरपार जातात ते कंपनाच्या बळावर नव्हे. पदार्थाशी त्यांचं देणंघेणंच अतिशय क्षीण असतं, म्हणून ते जाऊ शकतात.

समांतर जगाची कल्पना मराठीत आली ती निराळ्या वाटेने. डॉ. जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत पानिपतच्या लढाईत विश्वासरावांना लागणारी गोळी हुकते आणि इतिहास दुसरं वळण घेतो. नारळीकरांनी तिथे कंपनाचा आधार घेतला नाही. पुंजभौतिकीत एकाच प्रारंभिक स्थितीतून अनेक निष्पत्ती संभवतात, त्या अनिश्चिततेवर त्यांनी कथा उभी केली. आजही समांतर विश्वांची गंभीर चर्चा होते ती याच वाटेने. तेव्हा फॉक्स यांची दोन जगांची गोष्ट आपण साहित्याकडे सोपवू आणि ट्रेडमिलच्या मुख्य दाव्याकडे वळू. तिथे निसर्गाचं उत्तर फार रंजक आहे.

काळ मोजायचा तो कंपनानेच

काळ आणि कंपन यांची सांगड चित्रकथेने शोधलेली नाही. घड्याळ म्हणजेच नियमित कंपन आणि ते मोजणारी यंत्रणा. लंबकाचे झोके, मनगटी घड्याळातल्या क्वार्ट्झच्या स्फटिकाची सेकंदाला ३२,७६८ आंदोलनं आणि सगळ्यांत काटेकोर म्हणजे अणूतली आंदोलनं. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच कंपनांवर आधारलेली आहे. सेशियम-१३३ या अणूच्या दोन विशिष्ट ऊर्जापातळ्यांमधल्या संक्रमणाशी निगडित प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आंदोलनं पूर्ण व्हायला जेवढा वेळ लागतो, तो एक सेकंद.

सेशियमचा अणू पुण्यात असो वा पॅरिसमध्ये, आज असो वा हजार वर्षांनी, त्याच्याजवळ उभं राहून मोजलं तर हा आकडा बदलत नाही. त्यामुळे दोन ठिकाणची दोन अचूक घड्याळं एकमेकांशी ताडून पाहिली आणि त्यांच्यात फरक आढळला, तर तो घड्याळांचा दोष मानता येत नाही. त्या दोन ठिकाणी काळच वेगवेगळ्या गतीने सरकतो आहे, असं म्हणावं लागतं. आइन्स्टाइन यांनी हे भाकीत आधीच करून ठेवलं होतं. वेगाने जाणाऱ्या घड्याळाचा काळ मंदावतो, हे १९०५ च्या विशेष सापेक्षता सिद्धांतात आलं. गुरुत्वाकर्षण जिथे जास्त तिथेही काळ मंद चालतो, हे त्यानंतर आलं आणि १९१५ च्या व्यापक सापेक्षता सिद्धांतात पक्कं झालं. प्रश्न होता हा सूक्ष्म फरक पकडायचा कसा. तो पकडला गेला ट्रेडमिलचा अंक निघण्याच्या थोडंच आधी.

हार्वर्डचा मनोरा आणि गरम लोखंड

हार्वर्ड विद्यापीठाच्या जेफरसन प्रयोगशाळेत साडेबावीस मीटर उंचीचा एक मनोरा आहे. रॉबर्ट पाउंड आणि ग्लेन रेबका यांनी तिथे केलेला प्रयोग १९६० साली प्रसिद्ध झाला. मनोऱ्याच्या एका टोकाला किरणोत्सारी लोखंडाचा स्रोत, दुसऱ्या टोकाला लोखंडाचाच शोषक. लोह-५७ या अणूचं केंद्रक अत्यंत नेमक्या वारंवारतेचे गॅमा किरण सोडतं आणि त्याच जातीचं दुसरं केंद्रक तेवढीच वारंवारता शोषून घेतं. मनोऱ्याच्या पायथ्याशी काळ किंचित मंद चालत असेल, तर वरच्या आणि खालच्या केंद्रकांचा सूर जुळणार नाही आणि शोषण कमी होईल.

साडेबावीस मीटरच्या उंचीत अपेक्षित फरक होता दर दहा हजार अब्ज भागांत सुमारे अडीच शतांश भाग. एवढा क्षुल्लक फरक मोजण्यासाठी पाउंड आणि रेबका यांनी कंपनाचाच आधार घेतला. लाउडस्पीकरमध्ये पडदा पुढे-मागे थरथरवणारी जी रचना असते, तशा रचनेवर त्यांनी गॅमा किरणांचा स्रोत बसवला. स्रोत पुढे येताना किरणांची वारंवारता अल्पशी वाढते, मागे जाताना कमी होते. या जाणीवपूर्वक घडवलेल्या बदलाशी ताडून गुरुत्वाकर्षणाने झालेला बदल मोजता आला आणि तो आइन्स्टाइन यांच्या भाकिताशी जुळला. मनोऱ्याच्या माथ्यावरचा काळ पायथ्यापेक्षा वेगाने चालतो, हे प्रयोगशाळेत सिद्ध झालं.

या प्रयोगात एक अडचण दडलेली होती आणि आपल्या विषयासाठी ती प्रयोगाइतकीच मोलाची आहे. स्रोत आणि शोषक यांचं तापमान सारखं नसेल तर? कोणत्याही घन पदार्थातले अणू स्वस्थ बसत नाहीत, ते आपापल्या जागी थरथरत असतात. पदार्थ जितका गरम, तितकी थरथर जोरदार. थरथरणारा अणू सतत वेगात असतो आणि वेगात असलेल्या घड्याळाचा काळ मंदावतो. म्हणजे गरम लोखंडातल्या केंद्रकांचा काळ थंड लोखंडातल्या केंद्रकांपेक्षा मंद चालायला हवा. केंब्रिजमध्ये शिकणाऱ्या ब्रायन जोसेफसन या अवघ्या वीस वर्षांच्या विद्यार्थ्याने १९६० साली हे दाखवून दिलं. पाउंड आणि रेबका यांनाही हा परिणाम मोजमापांत आढळला. तापमानात एका अंशाचा फरक असला, तर त्याचा परिणाम जवळजवळ संपूर्ण मनोऱ्याच्या उंचीइतकाच होतो. त्यामुळे दोन्ही टोकांच्या तापमानांवर बारीक लक्ष ठेवावं लागलं. याच जोसेफसन यांना पुढे १९७३ साली वेगळ्या कामासाठी नोबेल पारितोषिक मिळालं.

म्हणजे ट्रेडमिलच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर होकारार्थी आहे. जागच्या जागी कंप पावणाऱ्या वस्तूचा काळ खरोखर बदलतो. चुलीवर तापणाऱ्या तव्यातही ते घडत असतं. मात्र हा बदल एकाच दिशेचा आहे. कंपनाने काळ मंदावतो, उलटा फिरत नाही. कंप पावणारी वस्तू तिच्या भोवतालच्या जगापेक्षा किंचित कमी म्हातारी होते, म्हणजेच किंचित पुढच्या काळात जाऊन पोहोचते. त्यासाठी तिला नाहीसं व्हावं लागत नाही.

खरीखुरी ट्रेडमिल

हाच परिणाम मोठ्या प्रमाणावर पाहायचा असेल, तर जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेत जावं लागेल. १९७० च्या दशकात तिथे १४ मीटर व्यासाचं एक वलय होतं. त्यात म्यूऑन नावाचे कण प्रकाशाच्या ९९.९४ टक्के वेगाने गोल गोल फिरवले जात. स्थिर म्यूऑन सरासरी २.२ मायक्रोसेकंद जगतो आणि मग त्याचं इतर कणांत रूपांतर होतं. वलयातले म्यूऑन सरासरी ६४ मायक्रोसेकंद जगले, म्हणजे जवळपास २९ पट. आयुष्यभर धावूनही ते त्या १४ मीटरच्या वर्तुळाबाहेर कुठेच गेले नाहीत, तरी भविष्यात मात्र खूप पुढे गेले. कॉस्मिक ट्रेडमिलला वास्तवात जवळची म्हणावी अशी वस्तू असेल, तर ती हे वलय.

माणसांच्या घड्याळांवरही हे तपासून झालं आहे. ऑक्टोबर १९७१ मध्ये जोसेफ हाफेली आणि रिचर्ड कीटिंग यांनी सेशियमची चार घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. पूर्व दिशेने फिरलेली घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांच्या तुलनेत ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिम दिशेने फिरलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. वेग आणि उंची या दोन्हींचा हिशेब मांडल्यावर हे आकडे सिद्धांताशी जुळले. आपल्या मोबाइलला रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांची घड्याळंही जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि त्याची दुरुस्ती आधीच करून ठेवलेली असते.

उरतो भूतकाळाचा प्रवास. आइन्स्टाइन यांच्या समीकरणांची अशी काही उत्तरं आहेत, ज्यांत काळाची वाट वळून स्वतःलाच येऊन मिळते. १९४९ साली कुर्ट गोडेल यांनी फिरणाऱ्या विश्वाचं असं एक उत्तर काढलं. १९८८ साली किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कृमिविवरांच्या, म्हणजे अवकाशकालातल्या कल्पित बोगद्यांच्या, आधारे तशी शक्यता मांडली. पण आपलं विश्व गोडेल यांच्या विश्वासारखं नाही आणि कृमिविवर उघडं ठेवायला ऋण ऊर्जा लागते. हव्या तेवढ्या प्रमाणात ती मिळवण्याचा मार्ग कोणालाही ठाऊक नाही. निसर्गाचे नियम असा प्रवास होऊच देत नसावेत, असा तर्क स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ साली मांडला. या सगळ्या चर्चेत कंपनाला कुठेच जागा नाही. ट्रेडमिलचा भूतकाळाकडचा पट्टा कल्पनेतच फिरतो.

अवकाशाचा ताठरपणा

आता दुसरा प्रश्न. कंपनाने अवकाश वाकतं का? याचंही उत्तर होकारार्थी आहे. वस्तुमान जिथे असतं तिथे अवकाश आणि काळ यांचा एकत्रित पट वाकतो आणि वस्तुमान विशिष्ट प्रकारे हललं की त्या पटात लहरी उठतात. त्या प्रकाशाच्या वेगाने दूर पसरतात. १९१६ साली आइन्स्टाइन यांनी या गुरुत्वीय लहरींचं भाकीत केलं. बॅरी ॲलन धावताना हातपाय हलवतो, तेव्हा तोही अशा लहरी निर्माण करतो. आपण चालतो तेव्हा आपणही करतो.

किती? मिस्नर, थॉर्न आणि व्हीलर यांच्या ‘ग्रॅव्हिटेशन’ या १९७३ सालच्या प्रसिद्ध ग्रंथात एक उदाहरण आहे. २० मीटर लांबीचा, ४९० टनांचा पोलादी दांडा घ्या आणि तो तुटायच्या बेतात येईल इतक्या वेगाने, म्हणजे सेकंदाला सुमारे साडेचार फेरे, गरगर फिरवा. त्यातून गुरुत्वीय लहरींच्या रूपाने बाहेर पडणारी शक्ती किती? एकावर २९ शून्यं लिहिल्यावर जी संख्या होते, तितके एका वॅटचे भाग करा. त्यातले दोन भाग. विश्वाच्या आजवरच्या संपूर्ण आयुष्यात हा दांडा अखंड फिरत राहिला, तरी त्यातून डास हलवण्याइतकीही ऊर्जा बाहेर पडणार नाही.

कारण समीकरणातच आहे. या शक्तीच्या सूत्रात प्रकाशाच्या वेगाचा पाचवा घात भाजक म्हणून येतो. अवकाशकाल लवचीक आहे, पण त्याच्या ताठरपणापुढे पोलाद लोण्यासारखं मऊ ठरेल. त्याला जाणवण्याइतकं हलवायचं, तर सूर्याएवढी वस्तुमानं अगदी लहान जागेत कोंबून प्रकाशाच्या जवळपासच्या वेगाने फिरवावी लागतात. माणसाने बांधलेलं कोणतंही यंत्र हे करू शकत नाही. निसर्गात मात्र ते घडतं.

ऐकणारं यंत्र

ट्रेडमिलची कथा छापली जात होती त्याच सुमारास मेरिलँड विद्यापीठात जोसेफ वेबर नावाचे भौतिकशास्त्रज्ञ वेगळ्या दिशेने निघाले होते. त्यांनी सुमारे दीड मीटर लांबीचा, दीड टनाच्या आसपासचा ॲल्युमिनियमचा दंडगोल तारेने टांगला. सेकंदाला सुमारे १,६६० आंदोलनं ही त्याची नैसर्गिक वारंवारता. तेवढ्याच वारंवारतेची गुरुत्वीय लहर आरपार गेली तर दंडगोल किंचित निनादेल आणि त्यावर चिकटवलेले स्फटिक ते टिपतील, ही त्यांची योजना. १९६९ साली त्यांनी लहरी सापडल्याचं जाहीर केलं. इतर प्रयोगशाळांनी तसेच दंडगोल उभारले, पण कोणालाच त्या सापडल्या नाहीत आणि वेबर यांचा दावा टिकला नाही. टिकली ती त्यांची हिंमत. या लहरी यंत्राने टिपता येतील असं मानून कामाला लागणारे ते पहिले होते. पुढच्या पिढीने त्यांचा प्रश्न उचलला आणि साधन बदललं.

एमआयटीचे रेनर वाइस यांनी १९७२ च्या एका अहवालात नव्या साधनाचा आराखडा मांडला. लेझरचा किरण दुभंगून दोन काटकोनी दिशांना पाठवायचा, दूरच्या आरशांवरून परत आणायचा आणि दोन्ही भाग पुन्हा एकत्र करायचे. गुरुत्वीय लहर आली की एक बाहू किंचित लांबतो, दुसरा आखूड होतो आणि परतलेल्या प्रकाशलहरींचा मेळ बिघडतो. इथेही मोजपट्टी कंपनाचीच, फक्त ती प्रकाशाच्या कंपनाची. या आराखड्यातून लायगो ही वेधशाळा उभी राहिली. तिची दोन केंद्रं अमेरिकेत हॅनफर्ड आणि लिव्हिंग्स्टन इथे, एकमेकांपासून सुमारे ३,००० किलोमीटरवर आहेत. प्रत्येकाला ४ किलोमीटर लांबीचे दोन बाहू.

लायगोची खरी कसोटी लागते ती नको असलेली कंपनं थोपवण्यात. दूरच्या रस्त्यावरून जाणारा ट्रक, किनाऱ्यावर आदळणाऱ्या लाटा, खुद्द आरशातल्या अणूंची उष्णतेने होणारी थरथर, हे सगळं अपेक्षित लहरीपेक्षा कैक पटींनी मोठं असतं. म्हणून ४० किलोचा प्रत्येक आरसा चार टप्प्यांच्या लंबकावर टांगलेला आहे. शेवटच्या टप्प्यातले धागे शुद्ध सिलिका काचेचे, अर्ध्या मिलिमीटरहूनही बारीक. प्रकाशाचा मार्ग निर्वात नळ्यांतून जातो आणि बाहूंमध्ये प्रकाश शेकडो वेळा येरझारा घालतो.

१४ सप्टेंबर २०१५ रोजी भारतीय वेळेनुसार दुपारी ३ वाजून २० मिनिटांनी पहिली लहर आली. आधी लिव्हिंग्स्टनला आणि सुमारे ७ मिलिसेकंदांनी हॅनफर्डला. सूर्याच्या ३६ पट आणि २९ पट वस्तुमानाची दोन कृष्णविवरं एकमेकांभोवती फिरत एकरूप झाली होती. शेवटी शेवटी ती सेकंदाला ७५ च्या आसपास फेरे घेत होती. एकरूप झालेल्या कृष्णविवराचं वस्तुमान सूर्याच्या ६२ पट भरलं. उरलेली तीन सूर्यांएवढी ऊर्जा सेकंदाच्या अंशात अवकाशकालाच्या कंपनात गेली होती. ही घटना सुमारे १३० कोटी प्रकाशवर्षं दूर घडली. इतकी प्रचंड ऊर्जा असूनही आपल्यापर्यंत पोहोचेपर्यंत लहर इतकी क्षीण झाली होती, की लायगोच्या ४ किलोमीटरच्या बाहूची लांबी प्रोटॉनच्या व्यासाच्या साधारण चारशेव्या भागाइतकीच बदलली.

सेकंदाच्या पाचव्या हिश्शात त्या लहरीची वारंवारता ३५ हर्ट्झवरून २५० हर्ट्झपर्यंत चढत गेली. ही माणसाच्या कानांच्या टप्प्यातली वारंवारता आहे. ध्वनीत रूपांतर केलं, तर खोल घुमाऱ्यापासून सुरू झालेला स्वर पेटीवरच्या पांढरी एकच्या मध्य सा जवळ येऊन थांबतो. २०१७ चं नोबेल पारितोषिक वाइस, थॉर्न आणि बॅरी बॅरिश यांना मिळालं. कालयात्रेच्या शक्यतेचं गणित मांडणारे आणि अवकाशकालाची थरथर पकडणाऱ्या वेधशाळेचा पाया घालणारे किप थॉर्न हे एकच, हे इथे ध्यानात घ्यायला हवं.

हिंगोली, खोडद आणि भारताचा वाटा

या शोधात भारतीयांचा वाटा जुना आहे. धक्का बसलेलं कृष्णविवर ठरावीक स्वरांत निनादून शांत होतं, हे सी. व्ही. विश्वेश्वरा यांनी १९७० सालीच गणिताने दाखवलं होतं. २०१५ च्या लहरीच्या शेवटच्या भागाचं रूप त्यांच्या गणितासारखंच होतं आणि ते पाहायला विश्वेश्वरा हयात होते. पुण्याच्या आयुका या खगोलविज्ञान संस्थेत संजीव धुरंधर आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी १९९० च्या दशकाच्या सुरुवातीपासून गोंगाटात दडलेली लहर हुडकण्याच्या गणिती पद्धती विकसित केल्या. बंगळुरूला बाला अय्यर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अशा लहरीचा नेमका आकार कसा असेल, याचं किचकट गणित केलं. काय शोधायचं हे आधी ठाऊक असल्याशिवाय एवढ्या क्षीण खुणेचा माग लागत नाही.

आता लायगोचं तिसरं केंद्र हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ उभं राहणार आहे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्र सरकारने त्यासाठी सुमारे २,६०० कोटी रुपयांना मंजुरी दिली. जागा निवडताना जमीन किती शांत आहे, हे कसोशीने पाहिलं गेलं. रेल्वे, महामार्ग, कारखाने दूर असणं आणि भूभाग स्थिर असणं या मराठवाड्याच्या त्या पट्ट्याच्या जमेच्या बाजू ठरल्या. २०१५ च्या लहरीचा उगम दोन केंद्रांना आकाशाच्या सुमारे ६०० चौरस अंशांच्या पट्ट्यापर्यंतच आणता आला होता. ऑगस्ट २०१७ मध्ये दोन न्यूट्रॉन तारे एकमेकांवर आदळले, तेव्हा इटलीतल्या व्हर्गो वेधशाळेची साथ मिळाली आणि हा पट्टा २८ चौरस अंशांपर्यंत आक्रसला. मग दुर्बिणींना तो स्फोट ज्या दीर्घिकेत झाला, ती सापडली. पृथ्वीच्या पाठीवर आणखी एका दूरच्या कोपऱ्यात, हिंगोलीत, असं कान देणारं केंद्र झालं, की उगमाचा ठिकाणा आणखी नेमका सांगता येईल.

याहून कितीतरी संथ लहरींचा शोध पुणे जिल्ह्यात चालू आहे. नारायणगावजवळच्या खोडदला प्रा. गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखाली उभारलेली जीएमआरटी ही महाकाय रेडिओ दुर्बीण आहे, ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेनांची. ती पल्सारचे ठोके टिपते. पल्सार म्हणजे स्वतःभोवती भराभर, काही तर सेकंदाला शेकडो फेरे घेणारे न्यूट्रॉन तारे, निसर्गाने आकाशात ठेवलेली घड्याळं. कित्येक प्रकाशवर्षं लांबीची गुरुत्वीय लहर मधून गेली, की हे ठोके अगदी किंचित लवकर वा उशिरा पोहोचतात. जून २०२३ मध्ये भारतीय आणि युरोपीय गटांनी २५ पल्सारांच्या सुमारे २५ वर्षांच्या नोंदींवरून, आणि त्याच वेळी अमेरिका, ऑस्ट्रेलिया व चीनमधल्या गटांनी स्वतंत्रपणे, अशा लहरी अवकाशभर भरून राहिल्याचा पुरावा मांडला. दीर्घिकांच्या केंद्रांतली महाकाय कृष्णविवरं एकमेकांभोवती फिरताना त्या उठवत असावीत.

ट्रेडमिलने काय बरोबर सांगितलं

कॉस्मिक ट्रेडमिलचा हिशेब आता मांडता येतो. कंपन आणि काळ यांचं नातं तिने बरोबर ओळखलं होतं. कंप पावणारी वस्तू भविष्याकडे किंचित पुढे जाते, हे गरम लोखंडाने आणि म्यूऑनच्या वलयाने दाखवलं. हलणाऱ्या वस्तुमानाने अवकाश थरथरतं, हेही खरं ठरलं. चुकलं ते प्रमाण. आणि भूतकाळाकडे नेणारा रस्ता तिने कल्पनेतून जोडला.

पण ती कथा लिहिली जात होती त्याच दोन-तीन वर्षांत पाउंड, रेबका, जोसेफसन आणि वेबर ज्या मार्गाला लागले होते, त्याने आपल्याला त्या यंत्राहून मोठी शक्ती दिली आहे. काळ आणि अवकाश आपल्याला हवे तसे वाकवता येत नाहीत, मात्र ते कुठे, किती आणि कशामुळे वाकले हे आपण कंपनांच्या साहाय्याने वाचू शकतो. सेशियमची आंदोलनं, लाउडस्पीकरची थरथर, लेझरची लहर आणि पल्सारचे ठोके ही त्या वाचनाची लिपी आहे. पृथ्वीवरचा कोणताही प्राणी जन्माला येण्याच्या आधी टक्कर झालेल्या कृष्णविवरांची वस्तुमानं आपण आज किलोग्रॅममध्ये सांगू शकतो, ती याच लिपीमुळे.

हे वाचन शिकायला अचाट वेगाची गरज लागत नाही. लागते ती अपार निगुती, कित्येक वर्षांचा धीर आणि नको ती थरथर वेगळी काढण्याचं कसब. औंढा नागनाथच्या केंद्राला लेझरतज्ज्ञ, निर्वाततंत्राचे जाणकार, संगणकशास्त्रज्ञ, काचकाम आणि धातुकामातले कुशल हात असे सगळेच हवे आहेत. आज हिंगोली, परभणी, नांदेडच्या शाळांत तास-मिनिटांची गणितं सोडवणाऱ्या मुलामुलींपैकी काही जण तिथे कामाला लागतील आणि विश्वाच्या भूतकाळाचा वेध आपल्या जिल्ह्यातून घेतील. चित्रकथेतल्या यंत्राने जे वचन दिलं होतं, त्याचा खरा होऊ शकणारा भाग हाच आहे आणि तो पुरा करणं आपल्या हातात आहे.